मित्राच्या 'एज ऑफ एम्पायर्स २' मॅचमध्ये जॉइन कसं व्हायचं? लॉबीपासून 'आउट ऑफ सिंक'पर्यंत

मित्राने व्हॉट्सअॅपवर 'लॉबी टाकलीय, ये लवकर' असं लिहिलं आणि पुढचा पाऊण तास 'दिसत नाहीये रे', 'परत टाक', 'आता बघ' यातच गेला, हे तुमच्याही ग्रुपमध्ये होत असेल. कॉलेज संपल्यावर एक जण पुण्यात, दुसरा बेंगळुरूला, तिसरा गावी. सगळ्यांना एकत्र वेळ मिळतो तो शनिवारी रात्रीचे दोन तास. त्यातला पाऊण तास लॉबीतच गेला तर मॅच अर्ध्यावर सोडून झोपायची वेळ येते, आणि दोन-तीनदा असं झालं की ग्रुप हळूहळू खेळणंच बंद करतो. गंमत म्हणजे यातले बहुतेक घोळ चार-पाच ठरावीक कारणांनी होतात. ती एकदा कळली की मित्राच्या मॅचमध्ये शिरायला दोन मिनिटंही लागत नाहीत.

इथे आपण 'एज ऑफ एम्पायर्स २' घेऊ, कारण आपल्याकडे स्ट्रॅटेजी गेम म्हटलं की बहुतेकांच्या डोळ्यांसमोर हाच येतो. पण लॉबी, पिंग, होस्ट, सिंक या गोष्टी अशा प्रकारच्या जवळजवळ सगळ्याच गेममध्ये थोड्याफार फरकाने सारख्या असतात.

आधी हे बघा: दोघांकडे गेम एकच आहे का?

हा प्रश्न बावळट वाटेल, पण सगळ्यात जास्त वेळ इथेच जातो. 'एज ऑफ एम्पायर्स २' नावाचा गेम एकच नाही. मूळ गेम १९९९ साली आला, त्याचं 'द कॉन्करर्स' हे एक्स्पान्शन २००० साली. २०१३ मध्ये स्टीमवर 'एचडी एडिशन' आली आणि २०१९ च्या नोव्हेंबरमध्ये 'डेफिनिटिव्ह एडिशन'. हे सगळे दिसायला भाऊ-भाऊ असले तरी एकमेकांशी बोलत नाहीत. तुमच्याकडे एचडी आणि मित्राकडे डेफिनिटिव्ह असेल, तर जगातला कुठलाही इंटरनेट प्लॅन तुम्हाला एका मॅचमध्ये बसवू शकणार नाही.

फोनवाल्यांसाठी खास सूचना. प्ले स्टोअरवर 'एज ऑफ एम्पायर्स मोबाइल' नावाचा गेम आहे, तो २०२४ मध्ये आला. नाव तेच, पण गेम पूर्ण वेगळा. तो डाउनलोड करून मित्राच्या कॉम्प्युटरवरची लॉबी शोधत बसू नका, ती तिथे कधीच दिसणार नाही. मित्र जर कॉम्प्युटरवर किंवा एक्सबॉक्सवर डेफिनिटिव्ह एडिशन खेळत असेल, तर तुम्हालाही तीच लागेल. कॉम्प्युटर आणि एक्सबॉक्स यांच्यात एकत्र खेळता येतं, पण त्यासाठी सेटिंगमधला क्रॉसप्ले चालू असावा लागतो.

एडिशन एकच असली तरी व्हर्जन वेगळं असू शकतं. एकाने गेम अपडेट केला आणि दुसऱ्याने 'नंतर करू' म्हणून ठेवला, तर लॉबी दिसत नाही किंवा दिसूनही आत घेत नाही. म्हणून खेळायचं ठरलं की संध्याकाळीच एकदा स्टीम उघडून अपडेट उतरवून ठेवा. साडेनऊला बसायचं आणि नऊ अठ्ठावीसला अपडेट सुरू करायचा, ही सवय आधी मोडा.

मॉड्सचंही तसंच. मोठी झाडं लहान दाखवणारे किंवा जमिनीवर चौकटी काढणारे मॉड फक्त तुमच्या स्क्रीनपुरते असतात, त्यांनी काही बिघडत नाही. पण गेमचे नियमच बदलणारा डेटा मॉड होस्टने लावला असेल, तर तो सगळ्यांकडे असावा लागतो.

डीएलसीबद्दल मात्र उगाच भीती असते. २०२२ च्या 'डायनेस्टीज ऑफ इंडिया' या डीएलसीमध्ये बंगाली, द्रविड आणि गुर्जर या नव्या सिव्हिलायझेशन आल्या आणि आधीच्या 'इंडियन्स'चं नाव बदलून 'हिंदुस्तानीज' झालं. मित्राकडे हा डीएलसी आहे आणि तुमच्याकडे नाही, तरी तुम्ही एकत्र खेळू शकता. तुम्हाला फक्त त्या नव्या सिव्हिलायझेशन स्वतःसाठी निवडता येणार नाहीत. (मराठे अजून या गेममध्ये नाहीत. हा प्रश्न दर वेळी येतो म्हणून आधीच सांगितलं.)

लॉबीत शिरायचे रस्ते

सगळ्यात सोपा रस्ता म्हणजे इन्व्हाइट. तुम्ही दोघं स्टीमवर एकमेकांचे फ्रेंड असाल, तर होस्टने लॉबी बनवून तुम्हाला इन्व्हाइट पाठवायचं आणि तुम्ही ते स्वीकारायचं, बस्स. गेममध्ये असताना शिफ्ट आणि टॅब ही दोन बटणं एकत्र दाबली की स्टीमची खिडकी वर येते, तिथे चॅटमध्ये आमंत्रण दिसतं. स्वीकारण्याआधी गेम चालू करून मुख्य मेनूपर्यंत येऊन थांबलेलं बरं. गेम बंद असताना आमंत्रण दाबलं की गेम उघडण्यातच इतका वेळ जातो की तोवर होस्ट वैतागून लॉबी पुन्हा बनवतो, आणि तुमचं आमंत्रण मेलेल्या लॉबीचं ठरतं.

इथे एक अडचण आहे जी फार कमी जणांना माहीत असते. स्टीमवर ज्या खात्यातून एकूण पाच अमेरिकन डॉलरइतका खर्च झालेला नाही, ते 'लिमिटेड' खातं समजलं जातं आणि त्यावरून फ्रेंड रिक्वेस्ट पाठवता येत नाही. नवीन खातं काढून सेलमध्ये स्वस्तात गेम घेतला किंवा भावाच्या लायब्ररीतून खेळताय, तर रिक्वेस्टचं बटण चालतच नाही आणि आपल्याला वाटतं स्टीम बिघडलं. अशा वेळी उलटं करा. ज्याचं खातं जुनं आहे त्याला रिक्वेस्ट पाठवायला सांगा, तुम्ही फक्त स्वीकारा.

दुसरा रस्ता म्हणजे लॉबीचा आयडी. प्रत्येक लॉबीला एक लांबलचक नंबर असतो. होस्टने तो कॉपी करून ग्रुपवर टाकायचा आणि तुम्ही मल्टिप्लेअरमधल्या लॉबींच्या यादीत तो नंबर शोधायचा. बरेच जण नंबरऐवजी त्याची लिंक पाठवतात. ती लिंक ज्या कॉम्प्युटरवर गेम आहे तिथेच उघडावी लागते. तुम्ही ती व्हॉट्सअॅपवर, फोनमध्ये दाबली तर काहीच होणार नाही, कारण फोनला हा पत्ता कुठे न्यायचा तेच कळत नाही. लॅपटॉपवर व्हॉट्सअॅप वेब उघडा, किंवा सरळ नंबर बघून टाइप करा. शेवटी आकडेच आहेत.

तिसरा रस्ता, म्हणजे लॉबींच्या यादीत नाव शोधणं, हा खरं तर शेवटचा उपाय असायला हवा, पण आपण सगळे आधी तिथेच जातो. होस्टने लॉबी 'प्रायव्हेट' ठेवली असेल तर ती यादीत दिसणारच नाही. 'फ्रेंड्स' ठेवली असेल आणि तुम्ही त्याच्या यादीत नसाल, तरी तेच. 'पब्लिक' असेल तर दिसेल, पण तुमच्याकडचे फिल्टर आड येऊ शकतात. कधीतरी मॅपचा किंवा मोडचा फिल्टर लावून ठेवलेला असतो आणि तो आपण विसरून जातो. लॉबी दिसत नसेल तर सगळे फिल्टर काढा, यादी रिफ्रेश करा आणि मग मित्राला 'दिसत नाही' म्हणा. पब्लिक लॉबीचा आणखी एक ताप म्हणजे तुमच्या आधी कुणीतरी अनोळखी येऊन बसतो. होस्टने पासवर्ड ठेवला असेल तर तो विचारून ठेवा.

आत गेलात, आता 'रेडी' दाबायच्या आधी

लॉबीत तुमच्या नावासमोर तीन गोष्टी असतात: सिव्हिलायझेशन, रंगाचा आकडा आणि टीमचा आकडा. पहिली चुकली तर फार काही होत नाही. टीम चुकली तर मात्र पंचाईत. टीमच्या जागी आडवी रेघ असेल तर तुम्ही कुणाच्याच टीममध्ये नाही. तिघं मित्र मिळून कॉम्प्युटरविरुद्ध खेळायला बसले आणि टीमचे आकडे टाकायचे राहिले, तर गेम सुरू झाल्यावर सगळे एकमेकांचे शत्रू. म्हणून तिघांच्या समोर '१' आणि कॉम्प्युटर खेळाडूंच्या समोर '२' आहे ना, हे बघूनच रेडी करा.

रंगाच्या आकड्यात एक सुंदर सोय लपलेली आहे. दोन खेळाडूंनी मुद्दाम एकच रंग घेतला तर दोघं मिळून एकच राज्य चालवतात. एक जण गावकरी आणि शेती बघतो, दुसरा सैन्य. तुम्ही नवीन असाल आणि मित्र वर्षानुवर्षं खेळत असेल, तर त्याच्याविरुद्ध पंधरा मिनिटांत हरण्यापेक्षा पहिले दोन-तीन गेम त्याच्याच रंगात बसून खेळा. शिकायला याहून चांगली पद्धत माझ्या माहितीत नाही. यूट्यूबवर बिल्ड ऑर्डरचे व्हिडिओ बघून जे कळत नाही ते इथे एका गेममध्ये कळतं.

लॉबीत टाइमपास चाललेला असतो तेव्हा चॅटमध्ये नुसते आकडे येताना दिसतील. ते 'टॉन्ट' असतात, आकडा पाठवला की ठरलेला आवाज वाजतो. ११ म्हणजे हसणं, १४ म्हणजे 'सुरू करा की राव एकदाचं', ३० म्हणजे ते प्रसिद्ध 'वोलोलो'. ३ ते ६ हे आकडे खेळताना कामाला येतात: अन्न, लाकूड, सोनं आणि दगड मागायचे. आणि १३ चा अर्थ साधारण असा की 'हो हो, ढकल सगळं इंटरनेट कंपनीवर'. १९९९ सालीच हरणारा माणूस नेटला दोष देत होता, एवढं यावरून सिद्ध होतं.

मॅच सुरू झाली, मग मधेच का येता येत नाही?

हा प्रश्न सगळ्यात जास्त विचारला जातो. पब्जीसारख्या गेममध्ये नेट गेलं तर आपण परत येतो. मग इथे 'दोन मिनिटं उशीर झाला, मला घ्या की' असं का चालत नाही? याचं उत्तर गेम आतून कसा बांधला आहे त्यात आहे, आणि ते कळलं की लॅगपासून 'आउट ऑफ सिंक'पर्यंत सगळ्या भानगडी एकदम उलगडतात.

नव्वदच्या दशकाचा विचार करा. गेम बनवणाऱ्या एन्सेम्बल स्टुडिओजसमोर लक्ष्य होतं ते २८.८ चा मोडेम, म्हणजे सेकंदाला जेमतेम साडेतीन किलोबाइट. व्हॉट्सअॅपवरचा एक साधा फोटो पाठवायलाही त्यावर काही मिनिटं लागली असती. आणि पाठवायचं काय होतं? आठ खेळाडू, शेकडो सैनिक. प्रत्येक जण कुठे आहे, कुठे बघतोय, किती जखमी आहे. ही सगळी माहिती पाठवायची ठरवली असती तर अडीचशे माणसं हलेपर्यंतच मोडेमचा दम निघाला असता.

म्हणून त्यांनी युक्ती केली. सैनिकांची माहिती पाठवायचीच नाही, फक्त आज्ञा पाठवायच्या. 'हे चाळीस धनुर्धारी तिकडे न्या' एवढंच नेटवरून जातं. पुढे ते कसे चालले, कुणाचा बाण लागला, कोण मेला, हे प्रत्येकाच्या कॉम्प्युटरवर स्वतंत्रपणे मोजलं जातं. आठ जण खेळत असतील तर आठ कॉम्प्युटरवर तोच गेम आठ वेळा, तंतोतंत सारखा चालू असतो. या पद्धतीला लॉकस्टेप म्हणतात. पॉल बेटनर आणि मार्क टेरानो या दोन प्रोग्रामरनी २००१ मध्ये यावर एक लेख लिहिला, तो गेम बनवणारे लोक आजही वाचतात. त्याच्या नावातच पंधराशे धनुर्धारी आणि २८.८ चा मोडेम आहे.

सोप्या भाषेत सांगायचं तर दोन घरांत दोघं बुद्धिबळाचा पट मांडून फोनवर खेळतायत. पटाचा फोटो पाठवत नाहीत, फक्त 'घोडा अमुक घरात' एवढंच सांगतात. दोन्ही पट सारखेच राहतात, जोवर कुणी चुकीच्या घरात सोंगटी ठेवत नाही तोवर.

आता मधेच तिसरा आला आणि म्हणाला मलाही पट मांडून द्या, तर त्याला आत्तापर्यंतच्या सगळ्या चाली पहिल्यापासून खेळून दाखवाव्या लागतील. तोपर्यंत बाकीच्यांनी थांबायचं. म्हणून या गेममध्ये मॅच सुरू झाली की दार बंद. तुम्ही फार तर प्रेक्षक म्हणून बघू शकता, तेही होस्टने परवानगी ठेवली असेल तर आणि थोड्या उशिराने.

पट चुकला तर काय होतं? त्या लेखात एक उदाहरण आहे, ते मला फार आवडतं. मॅप तयार होताना एका कॉम्प्युटरवर एक हरीण किंचित वेगळ्या दिशेला तोंड करून उभं राहिलं. काहीच फरक नाही ना? पण ते हरीण थोडं वेगळीकडे चरायला गेलं. काही मिनिटांनी एका गावकऱ्याचा रस्ता जरासा बदलला, त्याचा भाला चुकला आणि एका कॉम्प्युटरवर मांस घरी आलं, दुसऱ्यावर नाही. इथून पुढे दोन्हीकडचे गेम वेगळे. गेम अधूनमधून सगळ्यांचा हिशोब जुळवून बघतो आणि जुळला नाही की 'आउट ऑफ सिंक' म्हणून मॅच तिथेच थांबवतो. म्हणूनच गेमचं व्हर्जन आणि डेटा मॉड सगळ्यांकडे सारखे लागतात. ती कटकट नाही, गरज आहे.

कुणाचं नेट गेलं किंवा सिंक तुटला, तर सुदैवाने सगळं वाया जात नाही. मॅच सेव्ह करता येते. नंतर होस्टने नवीन लॉबी काढून तो सेव्ह लोड करायचा, आधीचेच खेळाडू आत आले की प्रत्येकाने आपापली जागा घ्यायची आणि तिथून पुढे खेळायचं. म्हणून लांबलेल्या गेममध्ये कुणीतरी मधूनमधून मेनूत जाऊन सेव्ह करत राहावं. एक लक्षात ठेवा, मधल्या दिवसांत गेमचा अपडेट आला तर जुना सेव्ह चालेलच असं नाही. अर्धी राहिलेली मॅच पुढच्या महिन्यावर ढकलू नका.

लॅग कुणामुळे होतो?

लॉकस्टेपचा दुसरा परिणाम असा की सगळ्यात हळू माणसाच्या वेगाने सगळे चालतात. सहा जणांचे गेमिंग लॅपटॉप आणि एकाचा सात वर्षं जुना, चार जीबी रॅमचा; तर शेवटच्या लढाईत सगळ्यांचाच गेम रखडेल, कारण त्याचा हिशोब पूर्ण झाल्याशिवाय पुढचा टप्पा सुरू होत नाही. त्या मित्राला शिव्या घालण्याआधी हे करून बघा: पॉप्युलेशन दोनशेऐवजी शंभर-सव्वाशे ठेवा, मॅप लहान घ्या, त्याला ग्राफिक्स खाली करायला सांगा. मागे चालू असलेलं ब्राउझर बंद केलं तरी फरक पडतो.

तुम्ही क्लिक करता आणि सैनिक हलतो, यात मुद्दाम ठेवलेलं अंतर असतं. मूळ गेममध्ये एक टप्पा साधारण २०० मिलिसेकंदांचा होता आणि आज दिलेली आज्ञा दोन टप्प्यांनी अमलात यायची, म्हणजे सगळ्यांपर्यंत ती पोचायला वेळ मिळायचा. त्या प्रोग्रामरना असं दिसलं की पाव सेकंदाचा उशीर खेळाडूंच्या लक्षातही येत नाही आणि अर्ध्या सेकंदापर्यंत चालून जातं. त्रास कशाचा होतो, तर उशीर सतत बदलण्याचा. कायम ३०० असलेला पिंग परवडला, पण आत्ता ८० आणि पुढच्या क्षणी ५०० असला की हात बसत नाही. मोबाइल डेटावर खेळणाऱ्यांनी ही गोष्ट डोक्यात पक्की करावी: तुम्हाला स्पीड नको आहे, स्थिरपणा हवा आहे.

डेफिनिटिव्ह एडिशनमध्ये सगळ्यांच्या आज्ञा मधल्या एका सर्व्हरमार्फत जातात आणि तो सर्व्हर कुठला हे होस्ट लॉबी बनवताना ठरवतो. हे लांब असलं की पिंग वाढणारच, त्याला इलाज नाही. फायबरमधून प्रकाश सेकंदाला साधारण दोन लाख किलोमीटर जातो. मुंबई ते लंडन सरळ अंतर सुमारे ७,२०० किलोमीटर. जाऊन-येऊन १४,४०० म्हणजे किमान ७२ मिलिसेकंद, आणि समुद्राखालची केबल काही सरळ रेषेत जात नाही, त्यामुळे प्रत्यक्षात बरंच जास्त. तुम्ही सगळे महाराष्ट्रात आणि लॉबी युरोपच्या सर्व्हरवर, तर प्रत्येक आज्ञा नाशिकहून पुण्याला व्हाया युरोप जाणार. मायक्रोसॉफ्टच्या अॅझ्युअर सेवेचा 'सेंट्रल इंडिया' हा विभाग खुद्द पुण्यात आहे. सर्व्हरच्या यादीत ते नाव किंवा भारतातलं दुसरं काही दिसलं तर होस्टला तेच निवडायला सांगा. एखादा मित्र शिकायला जर्मनीत गेलेला असेल तर मात्र दोन-तीन सर्व्हर करून बघावे लागतील. सगळ्यांचा पिंग थोडा-थोडा वाढलेला चालेल, एकाचाच खूप वाढलेला नको.

फोनच्या हॉटस्पॉटवर हा गेम चालतो का? चालतो, आणि छान चालतो, कारण फक्त आज्ञा जायच्या असल्याने डेटा फारच कमी लागतो. गेम डाउनलोड करायला तेवढं चांगलं वायफाय शोधा, तिथे गीगाबाइट्सचा मामला आहे. खेळताना फोन आणि लॅपटॉप वायफायऐवजी यूएसबी केबलने जोडून टेदरिंग केलं तर पिंग जास्त स्थिर राहतो आणि फोन चार्जही होत राहतो. फोनमधले फोटोंचे बॅकअप आणि अॅपचे अपडेट त्या वेळेपुरते बंद ठेवा.

आणि कॉल! ज्या फोनमध्ये व्होएलटीई चालू नाही त्यात कॉल आला की नेट बंद पडतं. दोन सिम असतील तर दुसऱ्या सिमवर आलेला कॉलसुद्धा डेटा तोडू शकतो. आईचा 'जेवलास का' असा फोन आला आणि तुम्ही मॅचमधून बाहेर, हे अनेकांचं होतं. व्होएलटीई चालू आहे का ते सेटिंगमध्ये बघा, दुसरं सिम तासाभरासाठी बंद करा, आणि घरी आधीच फोन करून टाका.

जुनी सीडी असेल तर

काहींकडे अजून सीडीवाला गेम असतो. त्याच्या काळातली मायक्रोसॉफ्टची 'झोन' ही ऑनलाइन खेळायची जागा २००६ मध्ये बंद झाली, त्यामुळे आतलं इंटरनेटचं बटण दाबत बसू नका. एकाच खोलीत असाल तर एका हॉटस्पॉटला दोन्ही लॅपटॉप जोडा. विंडोज १० किंवा ११ वर 'विंडोज फीचर्स'मध्ये लेगसी कंपोनंट्सखाली डायरेक्टप्ले चालू करावं लागतं, त्याशिवाय हा गेम नेटवर्क ओळखतच नाही. मग दोघांनी लॅन टीसीपी-आयपी निवडायचं. मॅच आपोआप दिसली नाही तर होस्टने कमांड प्रॉम्प्टमध्ये आयपीकॉन्फिग चालवून आपला आयपी पत्ता सांगायचा आणि दुसऱ्याने तो भरायचा. तरीही नाही दिसली तर दहापैकी आठ वेळा विंडोजची फायरवॉल अडवत असते; गेमला तिथे परवानगी द्या.

वेगवेगळ्या गावांत असाल तर मोबाइल नेटवर हा आयपीचा मार्ग जवळजवळ बंदच आहे. कारण मोबाइल कंपन्या एकाच पत्त्यामागे खूप ग्राहक बसवतात, त्यामुळे बाहेरून येणाऱ्याला तुमच्या लॅपटॉपपर्यंत पोचायला रस्ताच नसतो. त्यासाठी गेमरेंजरसारखं मोफत सॉफ्टवेअर वापरा. फायरवॉल पूर्ण बंद करा, राउटरचे सगळे पोर्ट उघडा, असले सल्ले कुणी देत असेल तर ऐकू नका. टेलिग्रामवर फिरणाऱ्या 'फुल व्हर्जन' फाइलपासूनही लांब राहा. एका गेमसाठी अख्खा लॅपटॉप, त्यातलं यूपीआय आणि पासवर्ड पणाला लावायचे, हे गणित बसत नाही.

लॅपटॉपच नाही, फक्त फोन आहे

मग रिअल-टाइम गेमचा नाद तूर्तास सोडा आणि आलटून-पालटून खेळायचा गेम घ्या. अँड्रॉइडवर 'युनसिव्ह' नावाचा मोफत, ओपन सोर्स गेम आहे. 'सिव्हिलायझेशन ५' च्या धर्तीवर बनवलेला आणि खूप हलका. ग्राफिक्स साधे आहेत, पण खेळ अस्सल. इथे जॉइन व्हायची रीत वेगळी आहे. तुमच्या अॅपमध्ये तुमचा एक युजर आयडी असतो. तो कॉपी करून मित्राला पाठवायचा, मित्राने नवीन मल्टिप्लेअर गेम बनवताना तो तुमच्या जागी भरायचा. गेम तयार झाला की तो तुम्हाला गेमचा आयडी पाठवतो, तो तुम्ही मल्टिप्लेअरच्या पानावर टाकायचा. लक्षात घ्या, आधी तुमचा आयडी त्याच्याकडे आणि मग गेमचा आयडी तुमच्याकडे. हा क्रम उलटा केला तर गेममध्ये तुमची जागाच नसते.

इथे पिंगचा काही संबंध नाही. तुमची खेळी लोकलमध्ये दादर ते ठाणे करता-करता खेळून टाका, मित्र त्याची रात्री जेवणानंतर खेळेल. युजर आयडी मात्र कुठेतरी लिहून ठेवा, व्हॉट्सअॅपवर स्वतःलाच पाठवून ठेवलात तरी चालेल. फोन बदलला किंवा अॅप काढून पुन्हा टाकलं की नवा आयडी मिळतो आणि मित्राच्या गेममधलं तुमचं राज्य जुन्या आयडीची वाट बघत बसतं. जुना आयडी हाताशी असेल तर तो सेटिंगमध्ये परत भरता येतो आणि तुम्ही जिथे सोडलं होतं तिथून खेळू शकता.